तांबूसाठी घंटी

कुरुळी,
२१ जानेवारी २०२४

आबा,

पाया पडते. तुमच्याशी फोनवर बोलायचं म्हणजे मी इकडं कोकलायचं आणि तुम्ही तिकडं भलतंच उत्तर द्यायचं. परवा मी विचारलं, कानाचं औषध घालता का, तर तुम्ही मला मेंढीचा भाव सांगितलात. बसमध्ये माझ्याकडं बायका बघायला लागल्या. म्हणून आता पत्रच. बारावीपर्यंत शिकवलंत, त्याचा काहीतरी उपयोग होऊ दे.

आम्ही बरे आहोत. मिनू जूनमध्ये पहिलीत जाईल. यांना सध्या सेकंड शिफ्ट आहे आणि तेच लिहायला बसले. कंपनीची बस यांना हायवेला सोडते. तिथून आमची खोली लांब, आणि मधे एक मोकळा प्लॉट आहे. सगळ्या हॉटेलांचं, चिकनच्या दुकानांचं उरलंसुरलं तिथं येऊन पडतं, त्यामुळं कुत्र्यांची टोळीच झाली आहे. एकटा माणूस दिसला की अंगावर येतात. परवा हे पळाले आणि खडीवर पडले. गुडघा फुटला, डबा चेपला. शेजारी नूरमोहम्मदभाईंचं पंक्चरचं दुकान आहे, त्यांच्या तौसिफला तर सायकलवरून जाताना पोटरीला धरलं. पोराला इंजेक्शनं घ्यावी लागली.

हे घरी येईपर्यंत माझा जीव टांगणीला असतो. तुम्ही जन्मभर मेंढरांमागं कुत्री सांभाळलीत. तुम्हीच सांगा काय करायचं.

मिनू विचारते, आबांच्या वाघ्याच्या गळ्यात घंटी होती ती अजून आहे का?

तुमची,
वर्षाली

—

पिंपळवाडी, ता. पाटोदा
३० जानेवारी

वर्षाली माय,

पत्र पावलं. एकदा मनात वाचलं आन एकदा मोठ्यानं. मोठ्यानं वाचलेलं मला ऐकू आलं न्हाई, पण शेजारच्या शालनबाईला आलं. आता गावभर झालंय की आमचे जावई कुत्र्याला भिऊन पडले.

गणराजरावांना सांग, भित्यापाठी ब्रह्मराक्षस. कुत्र्यापुढं पळायचं न्हाई. पळालं की त्याला वाटतं हे धरायचंच हाय. दगड तर हातात घ्यायचाच न्हाई, आज पळंल पण उद्या डूख धरंल. सोपा उपाय हाय. भाकर घाला. रोज एकाच माणसानं, एकाच जागी, आपल्या हातानं. आठ दिवसांत कुत्रं तुमचं. माणूस खाल्ल्या मिठाला जागंल न जागंल, कुत्रं भाकरीला जागतं. मव्हा वाघ्या आठवतो का? लांडग्याच्या तोंडातून कोकरू सोडवलं त्यानं, अर्धा कान गेला पण सोडलं न्हाई. ते काय पगारावर होतं का? माझ्या हातच्या भाकरीवर होतं.

घंटी हाय. पितळी हाय, काळी पडलीय. मिनूला म्हणावं, तू ये, मंग देतो. टपालानं घंटी धाडली तर पोस्टमन वाजवत फिरंल.

तुझा आबा

—

कुरुळी,
३ मार्च

आबा,

तुमचा उपाय लागू पडला! यांनी आधी तोंड वाकडं केलं, म्हणाले, "मामांना काय, तिकडं डोंगरात बसून सल्ले." पण केलं. कँटीनमध्ये रोज चपात्या उरतात. त्या हे डब्याच्या निळ्या पिशवीत घालून आणतात आणि प्लॉटपाशी आले की पिशवी डोक्यावर उंच धरतात. मग सगळी कुत्री खाली बसतात, शाळेतल्या पोरांसारखी. मग एकेकाला चपाती. आता तर बस यायच्या आधीच वाट बघत बसलेली असतात आणि यांना दारापर्यंत सोडायला येतात. यांच्या कंपनीतल्या लाइनीवरचे लोक म्हणतात, "गणराजभाऊ, तुमची सिक्युरिटी आली राव!" बघून बघून दुसरेही आणायला लागलेत. त्यामुळं कुत्रीही वाढली, आधी पाच-सहा होती, आता डझनभर तरी असतील.

मिनूनं नावं ठेवली आहेत. एक काळं थोराड आहे, ते खाईपर्यंत बाकीचे थांबतात, त्याचं नाव मॅनेजर. ते नाव यांनी सुचवलं, खोटं कशाला बोलू. आणि एक तांबड्या केसांचं, पिल्लूच म्हणायचं, ते तांबू. तांबू मिनूचा. घंटी त्याच्यासाठीच पाहिजे आहे.

एक गोष्ट मनाला लागली. सुरय्याभाभी, नूरमोहम्मदभाईंच्या मिसेस, काल दारात येऊन म्हणाल्या, "वर्षाली, तुझ्या चपातीनं तुझा माणूस सुखरूप येतो गं. ज्याच्या हातात चपाती नाही त्यानं काय करायचं? आता ती कुणाच्याबी पिशवीवर येतात. काल माझ्या दुधाच्या पिशवीला झोंबली." मला रागच आला. म्हणलं, मुक्या जनावराला दोन घास घातले तर लोकांच्या पोटात का दुखतं? त्या निघून गेल्या. तेव्हापासून आमचं बोलणं नाही.

मी चुकले का आबा?

वर्षाली

—

पिंपळवाडी,
१२ मार्च

वर्षाली माय,

चुकलीस कशानं? मुक्या जिवाला घालणारा कधी चुकत न्हाई. पण शेजारणीशी बोल. शेजार तोडून माणूस राहत न्हाई, आन त्यांच्या पोराला चावलंय, त्यांचा जीव भाजलाय. तुझा न्हाई भाजला.

मी म्हणलं होतं न्हाई, भाकरीला जागतात? शालनबाईला पत्र वाचून दाखवलं. म्हणाली, जावई लई हुशार. मी म्हणलं, सासरा हुशार हाय.

अजून एक कर. मिनूच्याबी हातानं खाऊ घाल. लेकराची वळख पाहिजे. कुत्र्यानं एकदा लेकराच्या हातचं खाल्लं की ते त्याला जन्मात दात लावत न्हाई. तू रांगत होतीस तवा वाघ्याच्या थाळीत हात घालायचीस, त्यानं कधी गुरकावलंसुदीक न्हाई.

घंटी चिंचेनं घासली. पिवळीधमक झाली.

आबा

—

कुरुळी,
२० मे

आबा,

शनिवारी येतो! यांच्या कंपनीला आठवडाभर शटडाऊन आहे, मशीनची कामं निघालीत. कँटीनसुद्धा बंद. हे दिवसभर घरात, भिंतीला टेकून मोबाइल बघतात आणि मला म्हणतात, दमलो. आधी वाटलं लगेच निघावं, पण रहाटणीला यांच्या बहिणीकडं शुक्रवारी साखरपुडा आहे, तो उरकून येतो.

मिनूनं आत्ताच बॅग भरली आहे. त्यात फक्त खेळणी आहेत, कपडा एकही नाही. आबांना मोठ्यानं बोलून दाखवायचं म्हणून दिवसभर ओरडायची प्रॅक्टिस चालू आहे. माझे कान गेले.

तुम्ही म्हणालात तसं दारात आलेल्या कुत्र्यांना तीही आपल्या हातानं चपाती घालायची. आता तिला एकच काळजी, कंपनी बंद आहे तर कुत्र्यांना चपात्या कोण घालणार. कुत्री रोज बसच्या वेळी येऊन बसतात बिचारी. तिनं सुरय्याभाभींना जाऊन विचारलं, आम्ही गावाला गेल्यावर तुम्ही घालाल का! भाभी हसल्या. त्यामुळं आमचंही पुन्हा बोलणं झालं. पोरीनं मिटवलं.

घंटी तयार ठेवा.

वर्षाली

—

पिंपळवाडी,
६ जून

वर्षाली,

अक्षर समजून घे.

मातीला आलो, दहाव्याला थांबलो, परत आलो. इतके दिवस तुझ्या घरात होतो पण मला कुणी काही सांगितलं न्हाई. न्हाई, सांगितलं असंल. मला तोंडं हलताना दिसत होती. पोलीस आले, पेपरवाले आले, बाया आल्या, सगळ्यांची तोंडं हलत होती. मी गणराजरावांच्या तोंडाकडं बघितलं तर त्यांनी माझे पाय धरले. तुझ्या तोंडाकडं मला बघवलं न्हाई. एकच कळलं, कुत्री. हातानं दाखवलं कुणीतरी.

आन एक सांगतो. बसलो की उठलो की लोक माझ्याकडं बघायचे. एका बाईनं तर तोंडावर पदर घेतला. मला उमजंना. परत येताना एसटीत तिकिटाला खिशात हात घातला तवा कळलं. शनिवारी तुम्ही येणार म्हणून घंटी घासून खिशात ठेवली होती. फोन आल्यावर त्याच सदऱ्यावर निघालो. लेकराच्या मातीत मी घंटी वाजवत फिरत होतो गं माय. मला कसं ऐकू यावं?

मला एक विचारायचं हाय. ती कुत्री कोणती होती? आपली, भाकर खाल्लेली, का दुसरी? मला खरं लिही. मला अन्न जात न्हाई. भाकर पुढ्यात आली की हेच मनात येतं.

आबा

—

कुरुळी,
१५ जून

आबा,

पाया पडते. जेवत जा. तुम्ही जेवला नाहीत तर मला कोण आहे?

आपली कुत्री नव्हती आबा. पलीकडं नवीन बिल्डिंगचं काम चालू आहे ना, तिथली बाहेरची टोळी होती. मिनू दारातच खेळत होती, ती एकदम आली. आपली कुत्री लांब होती, तरी धावत आली. मॅनेजर त्यांच्यावर तुटून पडला. आणि तांबू, एवढासा जीव, तो मिनूच्या आणि त्यांच्या मधे शिरला. त्याचा मागचा पाय फाटला. अजून लंगडतो. माझ्या दारात बसून असतो. मी त्याला रोज चपाती घालते. तुम्ही म्हणाला होता तसंच झालं, खाल्ल्या भाकरीला जागली ती. पण बाहेरची फार होती, त्यांचं चाललं नाही.

सुरय्याभाभी सगळ्यात आधी धावल्या. त्यांच्या दोन्ही हातांना चावे आहेत. अजून इंजेक्शनं चालू आहेत. रोज माझ्याजवळ येऊन नुसत्या बसतात.

तुमचं काही चुकलं नाही आबा. तुम्ही सांगितलं ते बरोबरच होतं. हे मनात धरून दोन घास खा.

वर्षाली

—

कुरुळी,
१८ जून

मामा,

नमस्कार. मला पत्र लिहायची सवय नाही, चुकलं तर माफ करा. कंपनीत ब्रेकमध्ये बसून लिहितोय. वर्षालीनं तुम्हाला काय लिहिलं माहीत नाही, ती दाखवत नाही. पण तुम्ही येऊन गेलात आणि मी तुम्हाला काही सांगितलं नाही, हे मला रोज खातंय. तुम्हाला सांगायचं म्हणजे कानाशी ओरडून सांगावं लागतं. आणि हे ओरडून कसं सांगू?

मामा, मिनूला मी मारलं.

ती कुत्री आपलीच होती. मीच त्यांना सवय लावली. शटडाऊनमध्ये बस नाही, कँटीन नाही, सगळ्याच लाइनीवरच्या लोकांच्या चपात्या एकदम बंद झाल्या. प्लॉटवरचा कचराही त्याच आठवड्यात उचलून नेला होता. कुत्री उपाशी होती. मिनू सकाळपासून माझ्यामागं लागली होती, पप्पा, तांबूला खायला देऊ. मी म्हणालो, संध्याकाळी बघू. आणि झोपलो. वर्षाली नळावर धुणं धूत होती. मिनूनं खुंटीवरची निळी पिशवी घेतली, टोपल्यातल्या दोन चपात्या तिच्यात टाकल्या आणि एकटीच गेली.

कुत्री पिशवी ओळखत होती. मॅनेजर पहिला आला. पंक्चरच्या दुकानातून नूरमोहम्मदभाईंनी बघितलं. ते म्हणतात, तिनं पिशवी डोक्यावर धरली. मी धरायचो तशी. माझ्या डोक्यावर धरलेल्या पिशवीपर्यंत कुत्री पोचत नव्हती मामा, म्हणून ती खाली बसायची. तिचं डोकं केवढ्या उंचीवर? दोन चपात्या आणि बारा तोंडं. एकानं पिशवी ओढली, तिनं सोडली नाही. मग घाबरून पळाली. पळायचं नाही, हे तिला कुणी शिकवलंच नव्हतं. तिला वाटत होतं ती आपली आहेत.

सुरय्याभाभी अनवाणी धावल्या. हातात टायर काढायची पहार होती. ओढणीत गुंडाळून त्यांनीच तिला रिक्षात घातलं. दवाखान्यात डॉक्टरांनी पुष्कळ केलं. दिवस मावळायच्या आत ती गेली. मला एकदा "पप्पा" म्हणाली.

संध्याकाळी लोकांनी काठ्या घेऊन सापडतील ती कुत्री मारली. तांबूलाही. तो चावला होता का नव्हता, देवाला माहीत. तो पळालाच नाही. माणसं आली म्हणून शेपूट हलवत पुढं आला.

वर्षाली मला एका शब्दानं बोलत नाही. तिनं शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. मी आता फर्स्ट शिफ्ट मागून घेतली आहे. कँटीनमध्ये ताटात चपाती आली की उठून जातो. तुम्ही तिला माहेरी घेऊन जा म्हणालात तर मी अडवणार नाही. मला शिक्षा द्या.

उत्तर दिलंत तर नूरमोहम्मदभाईंच्या दुकानाच्या पत्त्यावर द्या. वर्षालीला कळायला नको.

गणराज

—

पिंपळवाडी,
२७ जून

गणराजराव,

हे पत्र वाचून फाडून टाका.

तुम्ही मिनूला मारलं न्हाई. भाकर घालायला मी सांगितलं. लेकराच्या हातानंबी घाला, हेबी मीच सांगितलं. तुम्ही तर नको म्हणत होता. तुमच्या सासऱ्यानं शहाणपणा केला.

मी जन्मभर कुत्री राखली पण माझी कुत्री दोन होती. धनी एक होता. दिवसभर मेंढरामागं पळून त्यांची रग जिरायची, रात्री मी त्यांना खुंट्याला बांधायचो. आजारी असलो तरी त्यांची भाकर मी चुकवली न्हाई. त्यांना काम होतं, घर होतं. तुमच्या तिथली कुत्री कुणाचीच नव्हती. त्यांना धनी नव्हता, नुसती पिशवी होती. ज्याचं मेंढरात केस पांढरे झाले त्याला राखणीचं कुत्रं आन टोळीतलं कुत्रं यातला फरक कळू नये? घरी बसून पाटीलकी केली मी. शालनबाईपुढं मिशीला पीळ दिला. तुमची पोर गेली त्यात.

सुरय्याबाई खरं बोलत होत्या. त्यांचं मी ऐकलं असतं तर. वर्षालीनं मला त्यांचं बोलणं लिहून कळवलं होतं. कान गेलेत म्हणून ऐकलं न्हाई असं मला म्हणता येत न्हाई. वाचलं होतं मी.

आता नीट ऐका. वर्षालीनं मला लिहिलंय की कुत्री बाहेरची होती. आपली मिनूसाठी भांडली. तांबूचा पाय फाटला आन तो दारात बसून असतो. तिला मला वाचवायचंय. स्वतःचं लेकरू गेलं, आन ती बापाला भाकर जावी म्हणून खोटं रचत बसली. तिच्याजवळ आता सांभाळायला तेवढंच हाय, ते तिला सांभाळू द्या. मला सगळं कळलंय, हे तिला कधी कळू देऊ नका. मी मेल्यावरसुदीक.

ती तुमच्याशी बोलत न्हाई कारण बोलली तर मव्हं नाव घ्यावं लागंल. तुमचा राग न्हाई तिला. तिच्याजवळ बसा. नुसते बसा. भाभी बसतात तसे.

कुरुळी सोडा. रहाटणीला बहिणीजवळ खोली बघा.

ज्ञानदेव

—

पिंपळवाडी,
२७ जून

वर्षाली माय,

तुझं पत्र वाचलं आन जिवाला बरं वाटलं. आपली कुत्री नव्हती, हे कळलं आन त्या दिवशी मी एक भाकर खाल्ली. शालनबाईनं पिठलं दिलं होतं. आता रोज जेवतो. माझी काळजी करू नको.

मी म्हणलंच होतं, भाकरीला जागतात. तांबूनं मान ठेवला. त्याच्या पायाला हळद लाव. पण तुम्ही रहाटणीला जागा बघितलीत तर त्याला तिथंच राहू दे, बरोबर नेऊ नको. त्याचा मुलूख तो हाय. आन त्याचं मला सारखं लिहायला पाहिजे असं न्हाई. तो बरा हाय असं मी धरून चालतो.

सुरय्याबाईंच्या हाताला काय म्हणतात डॉक्टर? त्यांना मव्हा नमस्कार सांग. सांग, की म्हातारा म्हणाला, तुम्ही वाघ्याच्या वर निघालात. त्यांना कळणार न्हाई, पण सांग.

गणराजरावांना जेवायला तुझ्या पंगतीला घेत जा. मान खाली घालून जेवले तर जेवू दे. पण एकटं जेवू देऊ नको.

दिवाळीला ये. मी आता कुणालाच सल्ला देत न्हाई, नुसता बसून राहीन तुझ्यापाशी.

घंटीचं विचारू का नको असं तुला झालं असंल. फेकवली न्हाई. या महिन्यात मेंढीला कोकरू झालं, त्याच्या गळ्यात बांधली. मला काही ऐकू येत न्हाई. पण ते पाणी प्यायला मान हलवतं तवा मी पुढ्यात जाऊन बसतो. वाजत असंल.

तुझा आबा